काढून टाकलेली गोष्ट

बुएआच्या ग्रेट सोप्पो भागातल्या मुलींच्या शाळेत नामोंडो एवूसी इंग्रजी साहित्य शिकवायची. उंच, हाडापेराने मोठी, आवाज खर्जातला. वर्गावरून नुसती चालत गेली तरी आतल्या पोरी गप्प व्हायच्या. नवरा राजधानीत, याउंडेला सरकारी नोकरीत होता. तिथेच त्याने दुसरं घर मांडलं आणि ते नामोंडोला कळलं नणंदेकडून, एका लग्नाच्या पंगतीत. तिने कुणाशी भांडण केलं नाही. घरी आली, त्याच्या कपड्यांचं कपाट रिकामं केलं आणि त्यात पुस्तकं लावली.

पुस्तकं कसली, तर माइल सेव्हन्टीनच्या मोटारतळावर जमिनीवर प्लास्टिक अंथरून विकायला मांडलेली. परदेशातून जुन्या कपड्यांच्या गासड्या यायच्या, त्यांच्याबरोबर आलेली. कुणाच्या तरी वाचनालयाचे शिक्के मारलेली, कधी पुठ्ठा नसलेली, कधी अर्धी. बुएआ हे डोंगराच्या अंगावर वसलेलं गाव, धुकं आणि ओल कायमची. पुस्तकांना बुरशी लागायची. ऊन पडलं की नामोंडो ती अंगणात दोरीवर वाळत घालायची आणि शेजारणी एकमेकींना खुणा करायच्या.

अशाच एका कादंबरीची शेवटची पानं फाटलेली निघाली. खून कुणी केला ते कळेना. शिक्षकांच्या खोलीत तिने विषय काढून पाहिला, तर तिथे पगार आणि अमेरिकेतली मुलं याशिवाय दुसरं काही चालत नसे. मग ती मोलिकोला, विद्यापीठाच्या रस्त्यावर ताबेच्या दुकानात फोन दुरुस्तीला गेली होती, तेव्हा तिने ती सगळी कादंबरी ताबेलाच सांगितली. ताबे तिशीचा, तोंडाने फटकळ. दुकानात मागच्या बाजूला चार संगणक, पुढे फोन दुरुस्ती.

ऐकून घेऊन तो म्हणाला, "आंटी, मी शेवटचं पुस्तक वाचलं ते परीक्षेला, तेही गाइड. मला काय सांगताय? जगाला विचारा."

त्यानेच तिला इंटरनेटवर एक पान काढून दिलं. तिने त्या कादंबरीबद्दल लिहिलं, स्वतःच्या मनाने तीन शेवट जोडले आणि खाली विचारलं की खरा शेवट कुणाला ठाऊक आहे का. पंधरवड्याने उत्तर आलं. मेरीलँडमध्ये नर्स असलेल्या, मूळ कुम्बोच्या येफोन नावाच्या बाईने रात्रपाळीत बसून अख्खा शेवट लिहून पाठवला होता. आणि जाता जाता, तुमचा दुसरा शेवट जास्त बरा आहे, असंही.

नामोंडो हे उत्तर फोनवर पुन्हा पुन्हा काढून वाचायची. पानाला तिने नाव दिलं ‘थ्री स्टोन्स’. चुलीला दगड तीन लागतात: एक लिहिणारा, एक वाचणारा, आणि तिसरा या दोघांशी भांडणारा. तिसरा मी, असं ती सांगायची.

पुढे लोक स्वतःचं लिखाण पाठवू लागले. दर रविवारी एक नवी गोष्ट किंवा एका पुस्तकावरचा लेख. नामोंडो प्रत्येक ओळ तपासायची, लेखकांना फोन करायची, एकेका शब्दावरून अर्धा तास वाद घालायची. कुणाला पैसे मिळत नव्हते, तिलाही नाही. पण गोष्टीखाली वाचकांनी लिहायची जागा होती आणि तिथे रविवारी संध्याकाळी बाजार भरायचा. ह्यूस्टनहून कुणी, लिम्बेहून कुणी, बामेंडाहून कुणी. ओळखी निघायच्या, भांडणं व्हायची, एकदा तर सोयरीक जुळली.

ताबेला ते पसंत नव्हतं. वाचकांनी लिहिलेलं आधी तुम्ही वाचा आणि मगच लोकांना दिसू द्या, असं तो परोपरीने सांगायचा.

"दारात आलेल्याला मी ताटकळत ठेवू?" नामोंडो म्हणायची. "लोक बोलायला येतात, ताबे. पुस्तकं निमित्त आहेत."

या लेखकांमध्ये एक होती किन्युय. कुम्बोची, विशीची, वडील मुख्याध्यापक, आई गेलेली. तिची पहिली गोष्ट आली ती फोनवर टाइप केलेली, एकही पूर्णविराम नसलेली. नामोंडोने ती वाचली, खुर्चीतून उठली, अंगणात फेरी मारून आली आणि पुन्हा वाचली. मग फोन लावला. दोघी कधी भेटल्या नाहीत, पण दोन वर्षं आठवड्यातून एकदा तरी बोलायच्या. किन्युय आवाज चढवायची नाही, पण मुद्दाही सोडायची नाही. "मॅडम, हे वाक्य तुम्ही सुंदर केलंय," ती म्हणायची, "पण आमच्या घरात असं कुणी बोलत नाही." कधी नामोंडो ऐकायची, बहुतेक वेळा नाही.

मग मुलुखात बिघडलं. आधी वकिलांचा संप, फ्रेंच बोलणारं सरकार या इंग्रजी मुलखावर आपली भाषा लादतंय म्हणून, मग शिक्षकांचा, मग शाळाच बंद. दर सोमवारी अख्खं गाव बंद. सरकारने माणसं धरली आणि पोरं रानात गेली. रानातल्या पोरांनी फर्मान काढलं की शाळा उघडेल तो गद्दार. कुठे शाळेला आग लागली, कुठे मास्तराला उचललं. नामोंडोच्या शाळेच्या फाटकाला कुलूप लागलं आणि तीही घरी बसली. ती काही शूर बाई नव्हती, तसा तिचा दावाही नव्हता. उलट ‘थ्री स्टोन्स’ला आता दिवसभर वेळ मिळतो म्हणून आतून थोडी खूशच होती आणि त्याची तिला लाजही वाटायची.

आणि मग इंटरनेट गेलं. सरकारने इंग्रजी बोलणाऱ्या भागापुरतंच ते बंद केलं होतं. फोन लागायचा, बाकी काही नाही. ताबेचे संगणक फडक्याखाली गेले. मुंगो नदीचा पूल ओलांडला की फ्रेंच बोलणारा मुलूख, तिथे सगळं सुरू. म्हणून दर शनिवारी नामोंडो पहाटेची गाडी धरून दुआला शहराच्या अलीकडे, बोनाबेरीला जाऊ लागली. तिथल्या एका सायबर कॅफेत बसून रविवारचं पान चढवायचं, दिवस मावळायच्या आत परत. पुलावर शिपाई सगळ्यांना उतरवून पिशव्या उलट्या करायचे, फोन चाळायचे. नामोंडो कागद पोटाशी, कापडाखाली बांधून न्यायची.

कागद, कारण लेखकांकडून लिखाण आता येणार कसं? ते फोनवर वाचून दाखवायचे आणि ती लिहून घ्यायची. कुम्बोला किन्युयच्या घरी फोन नीट लागत नसे. ती चढावर जाऊन उभी राहायची, वारा फोनमध्ये घुसायचा.

"स्वल्पविराम, मॅडम. आता नवीन परिच्छेद. ऐकू येतंय ना?"

"येतंय. सांग."

‘स्वयंपाकघरातली शाळा’ ही गोष्ट अशी आली, तीन बैठकांत. एक म्हातारा मास्तर. शाळा बंद झाली तेव्हा तो आळीतल्या पोरांना मागच्या स्वयंपाकघरात, चुलीशी बसवून शिकवू लागतो. पाट्या मक्याच्या ढिगाखाली. कुणाची चाहूल लागली की पोरं कणसं सोलायला घेतात. बेरीज वजाबाकी मक्याच्या दाण्यांनी. आणि हा मास्तर प्रत्येक पोराला, मग ते चार वर्षांचं शेंबडं का असेना, डॉक्टर म्हणतो. डॉक्टर, इकडे बस. डॉक्टर, पाटी दाखव. गोष्टीत घडत काही नाही. फक्त शेवटी एक पोर दाणे खिशात घालून घरी जातं आणि आई विचारते तेव्हा सांगतं की ही माझी वही.

लिहून घेता घेता नामोंडोचा हात थांबला. "किन्युय, हे खरं आहे का कुणाचं?"

"मनातलं आहे, मॅडम. सगळं मनातलं."

नामोंडो साहित्य शिकवून केस पिकलेली बाई. तिला कळायला हवं होतं, आणि कुठेतरी कळलंही असावं. पण गोष्ट इतकी चांगली होती की तिने पुढे विचारलं नाही. गावाचं नाव गोष्टीत नव्हतं, मास्तराचं नाव वेगळं होतं. लेखिकेचं नाव मात्र किन्युयने खरंच ठेवायला लावलं. शनिवारी नामोंडोने ती बोनाबेरीहून चढवली.

पुढच्या शनिवारी ती पुन्हा त्या खुर्चीत बसली आणि पान उघडलं. ‘थ्री स्टोन्स’वर इतकी गर्दी कधीच झाली नव्हती. पहिलंच लिहिणं येफोनचं होतं, गोष्ट चढली त्याच दिवशीचं.

येफोनने लिहिलं होतं, "वाचता वाचता मी वॉर्डात रडले. हे आमचे पा लुकाँग. म्बवेच्या चढावरचे. मलाही ते डॉक्टर म्हणायचे, म्हणून तर मी इथवर आले. अजून शिकवतायत, या दिवसांतही! देव त्यांना शंभर वर्षं देवो."

त्याखाली दुसऱ्या कुणी आणखी दोन आठवणी लिहिल्या होत्या. कुणी विचारलं होतं, म्बवेचा चढ म्हणजे कुठला, आणि कुणीतरी भाबडेपणाने सांगितलंही होतं, फाटकाशी निलगिरीचं झाड असलेलं घर. मग सूर पालटत गेला होता. लोक मरतायत आणि हा म्हातारा शाळा चालवतो. गद्दार. रानातल्या पोरांना फोन करून सांगा कुणीतरी, बघा याच्याकडे.

पा लुकाँग म्हणजे किन्युयचे वडील. नामोंडोने ते सगळं लिखाण एकामागून एक पुसलं. ती बटणं इतक्या जोरात दाबत होती की शेजारी बसलेल्या पोराने फ्रेंचमध्ये विचारलं, आई, बरं नाही का? तिथूनच तिने कुम्बोला फोन लावला. वाजेना. परत येताना पुलावर शिपायाने काय विचारलं, तिने काय सांगितलं, तिला आठवत नाही.

किन्युयचा फोन आला तो पुढच्या आठवड्यात, दुसऱ्याच कुणाच्या नंबरवरून. वडिलांना नेलं होतं. तिने ते लिखाण पुसलं त्याच्या आधीच्या बुधवारी, भर दुपारी. आठ-दहा पोरं आली, त्यातली दोन त्यांच्याच शाळेत शिकलेली. स्वयंपाकघर पेटवून दिलं.

"तू म्हणाली होतीस मनातलं आहे," नामोंडो म्हणाली. बोलली आणि तिला स्वतःचीच किळस आली.

"खरं आहे म्हटलं असतं तर तुम्ही छापली असती?"

मग नामोंडोने सांगितलं. गोष्टीखाली कुणी काय लिहिलं, येफोनने काय, बाकीच्यांनी काय, आणि आपण ते सात दिवस पाहिलंच नाही. किन्युयने तिथे काहीच पाहिलेलं नव्हतं, तिच्याकडे इंटरनेट होतं कुठे? ती ऐकत होती की फोन तुटला होता, हे नामोंडोला कधीच समजलं नाही.

त्या रात्रीच तिने गोष्टीचे हाताने लिहिलेले कागद चुलीत घातले. घराची झडती होईल, पुलावर सापडतील, कुणाच्या हाती पडतील, असं सगळं एकदम डोक्यात भरलं होतं. शनिवारी तिने बोनाबेरीहून ताबेला फोन लावून गोष्ट कशी काढायची ते विचारलं.

"लपवून ठेवा ना, आंटी," ताबे म्हणाला. "कुणाला दिसणार नाही, तुमच्याकडे राहील. पुसायची कशाला?"

"नको. कुठेच नको."

ताबेने पुन्हा समजावलं. ती ऐकेना. शेवटी त्याने सांगितलं कुठलं बटण, आणि तिने ते दाबलं. खात्री आहे का, असं संगणकाने एकदा विचारलं. तिने होय म्हटलं.

गोष्ट गेल्याचं पाहून परदेशातले वाचक तिच्यावर तुटून पडले. कुणी भेकड म्हटलं, कुणी सरकारचा पैसा खाल्ला म्हटलं. ज्यांनी मास्तराला गद्दार ठरवलं होतं ते वेगळे आणि हे वेगळे, पण वाचताना तिला सगळे एकच वाटायचे. येफोनचं लांबलचक पत्र आलं, मध्येच तुटलेलं, पुन्हा पहिल्यापासून सुरू केलेलं. मी काय केलं, मी फक्त त्यांना आशीर्वाद दिला होता, असं त्यात तीनदा होतं. नामोंडोने दोन शनिवार उत्तर लिहायचा प्रयत्न केला. तिसऱ्या शनिवारी ती बोनाबेरीला गेलीच नाही. ‘थ्री स्टोन्स’वर निरोपाच्या दोन ओळीही तिने लिहिल्या नाहीत. वर शेवटचा लेख राहिला तो एका पाककृतींच्या पुस्तकावरचा.

पा लुकाँग परत आल्याचं तिला उडत उडत कळलं. आळीने वर्गणी करून, पैसे भरून त्यांना सोडवलं. उजव्या हाताची बोटं राहिली नव्हती.

नंतर गोळीबार सोप्पोपर्यंत आला. ताबेने दुकान विकलं आणि देश सोडून लिब्रव्हिलला निघून गेला. नामोंडोने कपाटातली पुस्तकं शेजारणीला दिली. शेजारीण म्हणाली, मी काय करू यांचं? नामोंडो म्हणाली, चूल पेटव. आणि ती कायमची पुलाच्या पलीकडे, बोनाबेरीला आली. एका बालवाडीत तिला इंग्रजीची बाई म्हणून घेतलं. एक सफरचंद, दोन सफरचंदं, फळ्यावर काढलेली. पोरं तिचं फ्रेंच ऐकून हसायची.

दोन वर्षं अशी गेली. मग एका रविवारी चर्चनंतर दारात एक मुलगी उभी होती. ठेंगणी, रुंद खांद्यांची, हातात प्लास्टिकची पिशवी. नामोंडोने ओळखलं नाही. मुलगी म्हणाली, "मॅडम," आणि तो आवाज नामोंडोने लगेच ओळखला. फोनवरच्या आवाजावरून तिने मनात एक उंच, सडपातळ पोर रंगवली होती.

किन्युयला तिने आत घेतलं, हातपाय धुवायला पाणी दिलं, जेवायला वाढलं. अळकुड्या किसून पानात उकडलेलं क्वाकोको होतं. किन्युयने चार घास खाल्ले.

"आवडलं नाही?"

"आम्ही मक्याची माणसं, मॅडम. हे घशाला चिकटतं."

दोघींना थोडंसं हसू आलं. मग किन्युयने सांगितलं. पत्ता तिला सोप्पोतल्या शेजारणीने दिला होता. वडिलांना घेऊन ती कुम्बोहून निघाली, बाफुसामला नातेवाइकांकडे राहिली. तिथेच ते वारले, गेल्या लेंटमध्ये, ईस्टरआधीच्या उपासाच्या दिवसांत. परत आल्यापासून ते बोलले नव्हते. बोलता येत होतं, वैद्यानेही तसंच सांगितलं. पण बोलले नाहीत. पाणी हवं असलं तर पेल्याकडे बघायचे.

"तुझ्या मनात माझ्याबद्दल काय असेल ते बोल," नामोंडो म्हणाली. "मी ऐकून घेईन."

किन्युयने मान हलवली. "त्यासाठी नाही आले. ती गोष्ट द्या मला. माझे कागद स्वयंपाकघरात होते, जळाले. त्यात बाबा बोलतायत, मॅडम. मी रोज दाराशी बसून ऐकायचे आणि ते बोलायचे ते जसंच्या तसं उतरवायचे. दुसरं काही नाही उरलेलं त्यांचं. फोटोत ते तोंड मिटून असतात."

नामोंडोने सांगितलं की गोष्ट नाही. पान पुसलं आणि कागदही जाळले. किन्युयला आधी ते समजेचना. इंटरनेटवरचं कधी जात नाही, असं तिने ऐकलं होतं. नामोंडोने लिब्रव्हिलला ताबेला फोन लावला. त्याने आठवडाभर शोधलं. कुणीतरी गोष्ट इतरांना पाठवताना तिच्या पहिल्या दोन ओळी उतरवल्या होत्या, तेवढ्या सापडल्या. "शाळेला कुलूप लागलं त्या दिवशी मास्तर घरी आले आणि त्यांनी मका मोजायला घेतला. डॉक्टर, ते दारातल्या पोराला म्हणाले, आत ये, धूर बाहेर जातोय."

पुढच्या रविवारी दोघी कोरे कागद घेऊन बसल्या. आठवेल तसं पुन्हा लिहून काढू, असं ठरलं. सुरुवात बरी झाली. किन्युयला दाण्यांची बेरीज आठवली, नामोंडोला पाट्या लपवण्याचा प्रसंग. मग नामोंडो म्हणाली, तिथे मास्तर म्हणतात ना, डॉक्टर, आधी नाक, मग गणित.

किन्युय लिहिता लिहिता थांबली. "हे बाबांचं आहे की तुम्ही घातलेलं?"

नामोंडोने आठवून पाहिलं. लिहून घेताना, चढवताना, तिने सवयीने हात फिरवलाच होता. कुठे वाक्य आखूड केलं होतं, कुठे एखादा शब्द बदलला होता. वाचायला छान वाटावं म्हणून. आता मनात जे उरलं होतं ते सगळं सारखंच स्पष्ट ऐकू येत होतं, एकाच आवाजात.

"मला नाही सांगता येत," ती म्हणाली.

त्यांनी आणखी एक वाक्य काढून पाहिलं, मग आणखी एक. प्रत्येक वेळी किन्युय तिच्या तोंडाकडे बघायची. आता तर किन्युयलाही खात्री वाटेना. बाबा असं म्हणायचे का? की नामोंडोने हात फिरवलेलं तिला फोनवर वाचून दाखवलं होतं, ते डोक्यात बसलंय? थोड्या वेळाने तिने पेनाला टोपण लावलं. कागद तिने नेले नाहीत.

किन्युय आता न्देले-बाजारामागे एका शिवणाऱ्या बाईकडे कामाला आहे. कधी रविवारी येते, कपडे घेऊन येते नामोंडोच्या मापाचे. दोघी जेवतात. गोष्टीचा विषय निघत नाही आणि ती दुसरं काही लिहीत नाही. नामोंडोने एकदाच विचारलं होतं, तर ती म्हणाली की आता मनात शब्द आला की तो कुणाचा ते कळत नाही.

नामोंडोची बालवाडी सुरू आहे. घरी येण्याच्या वाटेवर एक जण जुनी पुस्तकं मांडून बसतो, फ्रेंच बहुतेक, क्वचित एखादं इंग्रजी. तो तिला आता ओळखतो आणि हाक मारतो. ती मान हलवते आणि पुढे जाते.